पुढच्या चित्रपटाचे पैसे कोण देणार?

अभिनेत्रीने दिग्दर्शनात उतरायचं ठरवलं की पत्रकार परिषदेतला एक प्रश्न ठरलेला. "आता भूमिका मिळत नाहीत का?" असं तोंडावर कोणी विचारत नाही, "अभिनयातून जरा बाजूला व्हावंसं वाटतंय का?" असं साखर पेरून विचारतात. सचिन पिळगावकरांनी पंचविशीत 'मायबाप' दिग्दर्शित केला, महेश कोठाऱ्यांनी १९८५ साली 'धूमधडाका' काढला, तेव्हा त्यांच्या भूमिका आटल्या का, अशी चौकशी कोणी केल्याचं ऐकिवात नाही. पुरुषाने केलं की ती झेप, बाईने केलं की ती सोय.

या प्रश्नाचा राग येतोच, पण माझी खरी तक्रार वेगळी आहे. या प्रश्नामुळे सगळी चर्चा 'तिला जमेल का' यावर येऊन अडते. वीस वर्षं कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिलेल्या बाईला दिग्दर्शन जमेल का, ही शंका घेण्यात काही अर्थ नाही. गाडी अडते ती पैशापाशी. त्यातही पहिल्या चित्रपटाला कोणी ना कोणी उभं राहतं: नवरा, जुना मित्र, एखादा हौशी निर्माता. दुसऱ्या, तिसऱ्या, चौथ्या चित्रपटाला कोण उभं राहणार? माझ्या मते तिथे सरकारी पैसा लागायला हवा, आणि चित्रपट तयार झाल्यावर पाठ थोपटण्यासाठी नको, पटकथा हातात असतानाच हवा.

अपर्णा सेन यांचं उदाहरण मी मुद्दाम घेते. अभिनेत्री ते दिग्दर्शक या प्रवासाचा विषय निघाला की हे नाव सगळ्यात आधी येतं, आणि बहुतेक वेळा चुकीचा मुद्दा सिद्ध करायला येतं: बघा, गुणवत्ता असली की वाट निघतेच.

त्यांची वाट कशी निघाली ते बघू. जन्म १९४५चा. वडील चिदानंद दासगुप्ता चित्रपट समीक्षक, १९४७ साली सत्यजित राय यांच्यासोबत कलकत्ता फिल्म सोसायटी स्थापन करणाऱ्यांपैकी एक. १९६० साली ब्रायन ब्रेक हा न्यूझीलंडचा छायाचित्रकार भारतातल्या पावसाळ्यावर छायाचित्रांची मालिका करत होता. त्याने या शाळकरी मुलीला कलकत्त्यातल्या एका गच्चीवर नेलं, लाल साडी नेसवली, नाकात चमकी घातली आणि वरून झारीने पाणी ओतवलं. 'मान्सून गर्ल' या नावाने जगभर गाजलेला फोटो तो हाच. 'लाइफ' मासिकाने ती मालिका छापली. पाऊस झारीतला, खेड्यातली पोर शहरातली, आणि पहिल्या सरीचं चेहऱ्यावरचं सुख मात्र अगदी खरं वाटणारं. कॅमेऱ्यासमोर काय काय बनवता येतं याचा धडा एवढ्या लहान वयात क्वचित कोणाला मिळाला असेल.

लगेच १९६१ साली रायांच्या 'तीन कन्या'मधली 'समाप्ती'. टागोरांची मृण्मयी: झाडावर चढणारी, खार पाळणारी, लग्नाच्या रात्री नवऱ्याला खोलीत सोडून बाहेर पळून जाणारी. समोर सौमित्र चटर्जी. त्यानंतर मृणाल सेन यांचा 'आकाश कुसुम', पुन्हा रायांचा 'अरण्येर दिन रात्री', आणि त्याच्या जोडीने सत्तरच्या दशकातला बंगाली व्यावसायिक सिनेमा: उत्तमकुमारबरोबर 'मेमसाहेब' आणि 'जय जयंती', सौमित्रबरोबर 'बसंत बिलाप'सारखा धमाल विनोदी चित्रपट. हिंदीत 'इमान धरम', 'कोतवाल साब'. मर्चंट-आयव्हरी कंपनीचे इंग्रजी चित्रपटही. त्यातल्या 'बॉम्बे टॉकी'मध्ये शशी कपूर आणि जेनिफर केंडल त्यांच्याबरोबर होते. ही ओळख पुढे कामी येणार होती.

त्यांच्याबद्दलच्या लेखांत रायांच्या चित्रपटांचा उल्लेख दोन परिच्छेदभर असतो आणि व्यावसायिक चित्रपटांची बोळवण एका वाक्यात होते. मला ते पटत नाही. रायांच्या सेटवर सगळं आधी ठरलेलं असायचं. चौकटीची चित्रंही त्यांनी स्वतः काढलेली असत. तिथे माणूस शिस्त शिकतो. पण सगळं बिनसल्यावर शूटिंग पुढे कसं रेटायचं, हे शिकायला सामान्य दिग्दर्शकाचा सेट लागतो. लाईट लागेपर्यंत नायिका खुर्चीत बसून असते. समोर काय चाललंय ते तिला दिसतंच: कॅमेरामन आणि दिग्दर्शकाचं कुठे वाजतंय, नवशिक्या नटाला सातव्या रिटेकला कोण धीर देतं, ट्रॉलीच्या हट्टापायी सकाळ कशी फुकट जाते, जेवणाच्या सुट्टीनंतर युनिटचा वेग का मंदावतो, कालच्या सीनमधली टिकली आज दुसऱ्या रंगाची आहे हे कोणाच्या लक्षात येतं. पुढे डबिंगला तीच नायिका अंधारात उभी राहून स्वतःचा सीन पंधरा-पंधरा वेळा बघते आणि कुठे जास्त झालं, कुठे संकलकाने वाचवलं, हे तिला कळत जातं. तीन वर्षं क्लॅप देणाऱ्या पोराला आपण 'इतक्या चित्रपटांचा सहायक' म्हणतो आणि तो अनुभव मानतो. त्या क्लॅपच्या पलीकडे वीस वर्षं उभ्या राहिलेल्या बाईच्या अनुभवाला अर्जात रकानाही नसतो.

आता '३६ चौरंगी लेन'. कलकत्त्यातल्या एका अँग्लो-इंडियन शिक्षिकेची पटकथा अपर्णा सेन यांनी इंग्रजीत लिहिली. रायांना दाखवली, त्यांना ती आवडली, आणि निर्माता म्हणून शशी कपूरकडे जा, असं त्यांनीच सुचवलं, हे सर्वश्रुत आहे. शशी कपूर यांनी पैसे घातले, जेनिफर केंडल यांनी व्हायोलेट स्टोनहॅम उभी केली, अशोक मेहतांनी कॅमेरा धरला, संगीत वनराज भाटियांचं, संकलन भानुदास दिवकरांचं. १९८१ साली चित्रपट आला. दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार पहिल्याच चित्रपटाला, वयाच्या पस्तिशीत.

या चित्रपटातला एक प्रसंग नटीच्या नजरेतून लिहिला गेलाय, असं मला दर वेळी वाटतं. म्हाताऱ्या मिस स्टोनहॅमचं घर तिची जुनी विद्यार्थिनी आणि तिचा मित्र दुपारी वापरतात. तो तिथे बसून लेखन करणार, असं निमित्त सांगितलेलं असतं. खरं कारण एकांताचं. म्हातारीला कळत नाही, किंवा कळून घ्यायचं नसतं. तिला घरात माणसं आली याचाच आनंद. त्यांचं लग्न होतं, त्यांना स्वतःचं घर मिळतं, आणि म्हातारीची गरज संपते. नाताळच्या दिवशी आम्ही गावात नाही, असं ते तिला सांगतात. ती केक भाजून तरीही त्यांच्या घरी जाते आणि खिडकीतून आत बघते तर पार्टी रंगलेली. एखाद्या दिग्दर्शकाने इथे जेनिफर केंडलच्या डोळ्यांत पाणी आणून चेहरा पडदाभर दाखवला असता. अपर्णा सेन तिला परत फिरवतात. काळोख्या रस्त्यावर एक भटकं कुत्रं मागे लागतं आणि ही बाई त्याला 'किंग लिअर'मधल्या ओळी म्हणून दाखवते. शाळेत तिच्याकडून शेक्सपिअर काढून घेऊन तिला व्याकरणाचे तास दिलेले असतात. म्हणजे ओळी उरल्यात आणि ऐकणारं कोणी नाही. नटाकडून भावना पिळून काढायची नसते, त्याला करायला काहीतरी काम द्यायचं असतं, हे ज्याला स्वतः उभं राहून समजलंय त्यालाच असा प्रसंग सुचतो.

या चित्रपटाच्या मागे काय काय होतं ते मोजा: चित्रपट समीक्षक वडील, घरचा परिचय असलेले सत्यजित राय, सेटवरच्या ओळखीचा शशी कपूर. अपर्णा सेन यांची गुणवत्ता याने तसूभरही कमी होत नाही. पण 'गुणवत्तेला वाट मिळतेच' हे वाक्य मात्र खोटं ठरतं. वाट मिळाली कारण दरवाजे ठाऊक होते. आणि दरवाजे तरी किती टिकणार? शशी कपूर धंदेवाईक सिनेमात रोज शिफ्टवर शिफ्ट करून कमावत आणि तो पैसा 'जुनून', 'कलयुग', '३६ चौरंगी लेन', 'विजेता', 'उत्सव' यांत ओतत. 'उत्सव'मध्ये हात पोळले आणि ती वाट बंद झाली. एका दिलदार नटाच्या खिशावर किती दिग्दर्शकांनी विसंबायचं?

पुढचा हिशेब सांगितला की ऐकणारा थबकतो. देशातला सर्वोत्तम दिग्दर्शक ठरल्यानंतर १९८५ला 'परमा', १९८९ला 'सती', १९९५ला 'युगांत', २०००ला 'पारमितार एक दिन'. म्हणजे '३६ चौरंगी लेन' धरून थिएटरसाठीचे पाच चित्रपट वीस वर्षांत. महेश कोठारे यांचे 'धूमधडाका'पासून 'झपाटलेला'पर्यंतचे निदान पाच चित्रपट आठ वर्षांत झाले. ही तुलना सरळ नाही, हे मान्य. ते चित्रपट तिकीट खिडकीवर पुढच्या चित्रपटाचा खर्च वसूल करून देत होते आणि 'युगांत' तसा चित्रपटच नव्हे. शिवाय मधल्या काळात अपर्णा सेन रिकाम्या बसल्या नव्हत्या. १९८६पासून आनंदबाजार समूहाच्या 'सानंदा' या पाक्षिकाचं संपादन त्यांनी जवळजवळ दोन दशकं केलं. अभिनयही चालूच होता. त्या संपादनाचं मोल मी कमी करत नाही. बंगाली घराघरांतल्या बायकांशी त्या पाक्षिकाने जे बोलणं मांडलं ते मोठं काम आहे. तरीही दोन चित्रपटांमध्ये पाच-सहा वर्षं जाऊ लागली की दिग्दर्शकाचा हात आखडतो. अभिनेत्याला मधे दुसरा कोणी तरी चित्रपट मिळतो, लेखकाला वही मिळते. दिग्दर्शकाला सेटखेरीज रियाजाची जागा नाही.

'परमा' हा त्यातला मला सगळ्यात जवळचा चित्रपट. राखीने केलेली परमा: एकत्र कुटुंबातली सून, वहिनी, काकी, आई, तिला नावाने हाक मारणारं घरात कोणी नाही. परदेशातून आलेला छायाचित्रकार तिचे फोटो काढू लागतो, प्रेम होतं, तो निघून जातो, आणि तिचा फोटो परदेशी मासिकातून घरी येऊन पोचतो. घर तिला वाळीत टाकतं. ब्रायन ब्रेकच्या झारीखाली उभी राहिलेली मुलगी पंचवीस वर्षांनी दुसऱ्या बाजूने तोच प्रकार बघत होती: फोटो काढणारा पुढच्या देशात निघून जातो, फोटोतली बाई मागे राहते. चित्रपटावर कलकत्त्यात वादळ उठलं ते प्रेमप्रकरणामुळे नव्हेच. प्रकरणं साहित्यात आणि चित्रपटांत आधीही होती. परमाला शेवटी अपराधी वाटत नाही, हे लोकांना पचलं नाही. डॉक्टर तिला अपराधभावनेतून बाहेर काढायला निघालेले आणि ती सांगते की तसं काही वाटतच नाही. तिला एका रोपाचं विसरलेलं नाव आठवतं, कृष्णपल्लवी, आणि साड्यांच्या दुकानात नोकरी करायची असते, बस. असा शेवट कुठल्या बाजारू निर्मात्याने जसाच्या तसा राहू दिला असता, हा प्रश्न मी या विषयावर बोलणाऱ्या प्रत्येकाला विचारते.

'सती'ला राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा, म्हणजे आपला सगळ्यांचा पैसा लागला. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या बंगालमधली मुकी पोरकी मुलगी, पत्रिकेत वैधव्य म्हणून तिचं लग्न वडाशी लावतात. मुख्य भूमिकेत शबाना आझमी. राजस्थानात देवराळ्याला रूप कंवर सती गेल्याची, किंवा घातली गेल्याची, घटना सप्टेंबर १९८७ची, चित्रपट १९८९चा. कोणा खाजगी निर्मात्याला त्या वेळी हा विषय परवडला असता? महामंडळाच्या आणि त्याआधीच्या फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या कारभारावर टीका करण्यासारखं भरपूर आहे. वसुली बोंबलली, कित्येक रिळं डब्यांतच राहिली, थिएटरं मिळवून देणं त्यांना कधी जमलं नाही. तरी 'भुवन शोम'पासून 'सती'पर्यंत जी यादी होते ती त्यांच्याशिवाय झाली नसती, हेही त्याच दमात सांगायला हवं.

मागे वळून बघितलं तर अभिनेत्रींनी दिग्दर्शनात जाण्याचे दोनच रस्ते दिसतात: मालकी किंवा ओळख. फातमा बेगम यांनी १९२६ साली 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला, भारतात बाईने दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट, तो स्वतःची कंपनी काढून. हॉलीवूडमध्ये आयडा लुपिनोला पहिली संधी मिळाली ती १९४९ साली ठरलेला दिग्दर्शक हृदयविकाराने आजारी पडला म्हणून. पण चित्रपटाची निर्मिती तिची स्वतःची होती म्हणूनच ती तिथे हजर होती. जपानच्या किनुयो तानाकाची गोष्ट जास्त बोलकी आहे. मिझोगुचीच्या कितीतरी चित्रपटांची ती नायिका. तिने दिग्दर्शन करायचं म्हटल्यावर दिग्दर्शकांच्या संघटनेतून विरोध केला तो मिझोगुचीनेच. किनोशिताने तिला पहिली पटकथा दिली, दुसऱ्या चित्रपटाची ओझूने, म्हणून १९५३ ते १९६२ या काळात तिचे सहा चित्रपट होऊ शकले. एका थोर दिग्दर्शकाने दार लावलं आणि दुसऱ्या दोघांनी उघडलं. तिच्या हातात काय होतं?

आपल्याकडे स्मिता तळवलकर यांनी मालकीचा रस्ता धरला. दूरदर्शनवर बातम्या देणारा चेहरा, मग अभिनय, मग 'अस्मिता चित्र'. १९८९चा 'कळत नकळत' आणि 'चौकट राजा' यांची निर्मिती करून पाय रोवले आणि १९९३ला 'सवत माझी लाडकी' स्वतः दिग्दर्शित केला. निर्मात्याची खुर्ची आधी आणि दिग्दर्शकाची नंतर, हा क्रम त्यांनी उगाच लावला नसावा. मृणाल कुलकर्णी यांनी 'प्रेम म्हणजे प्रेम म्हणजे प्रेम असतं'नंतर वर्षभरात 'रमा माधव'सारखा पेशवाईतला पसारा अंगावर घेतला, ते धाडसच. रेणुका शहाणे यांचा 'रीटा' २००९चा, आई शांता गोखले यांच्या 'रीटा वेलिणकर' या कादंबरीवरचा. पुढचा 'त्रिभंग' २०२१चा, तोही मराठीत न येता हिंदी-इंग्रजी-मराठी मिसळीतून नेटफ्लिक्सवर. मधल्या बारा वर्षांत त्यांची कारणं काय होती ती त्यांची त्यांना माहीत. पण मराठी सिनेमाने एका विचारी दिग्दर्शिकेला दुसऱ्या चित्रपटासाठी जागा करून दिली नाही, एवढं बाहेरून दिसतं.

महाराष्ट्र सरकार मराठी चित्रपटांना अनुदान देतं. चित्रपट पूर्ण झाला, सेन्सॉर झाला, की परीक्षण समिती बघते आणि दर्जा ठरवते. अनेक वर्षं 'अ' दर्जाला ४० लाख आणि 'ब' दर्जाला ३० लाख असा हिशेब होता. हेतू चांगला. पण पैसे मिळतात ते निर्मात्याला, आणि चित्रपट झाल्यावर. ज्याने आधी कुठून तरी पैसे उभे केले त्यालाच ही योजना उपयोगी. जिच्याकडे पटकथा आहे, वीस वर्षांचा सेटचा अनुभव आहे आणि सावकार नाही, तिला या योजनेचा काडीचा उपयोग नाही. पेरणीला बी मिळालं नाही त्याला कापणीचा बोनस देऊन काय उपयोग?

यावर येणारे आक्षेप मला ठाऊक आहेत, आणि त्यातला एक खरोखर वजनदार आहे. पटकथेवर आगाऊ पैसे द्यायचे म्हणजे कोणाला द्यायचे हे समिती ठरवणार, आणि समिती म्हणजे वशिला. पैसे उचलून चित्रपट अर्धवट सोडणारेही निघतील. केरळने हा प्रयोग करून पाहिलाय. तिथल्या राज्य चित्रपट विकास महामंडळाने स्त्री-दिग्दर्शकांना प्रत्येकी दीड कोटीपर्यंत रक्कम देण्याची योजना काढली. 'निषिद्धो' आणि 'डिव्होर्स' हे त्यातले पहिले चित्रपट. चित्रपट झाले, पण महामंडळाच्या कारभारावर आणि प्रदर्शनाच्या दिरंगाईवर त्यातल्याच दिग्दर्शिकांनी जाहीर तक्रारीही केल्या. म्हणजे पैसा मिळाला तरी साहेबांच्या दाराशी हेलपाटे चुकले नाहीत. मी या तक्रारींना योजनेच्या विरोधातला पुरावा मानत नाही. वशिला आजही आहेच, फक्त तो खाजगी दिवाणखान्यात चालतो आणि तिथे माहितीचा अधिकार लागू होत नाही. सरकारी समितीला निदान कारणं लेखी मागता येतात, नकाराची प्रत मागता येते, हप्ते बांधता येतात: थोडे पटकथेला, जास्त शूटिंग सुरू होताना, उरलेले संकलन झाल्यावर. केरळच्या योजनेतली उणीव मला दुसरीच वाटते. ती नव्यांसाठी आहे. पहिला चित्रपट हातावेगळा झाला की बाई पुन्हा रस्त्यावर.

दुसरा आक्षेप गुणवत्तेचा. सगळेच काही अपर्णा सेन नसतात, असं म्हणतात. अहो, अपर्णा सेन तरी दर वेळी कुठे अपर्णा सेन असतात? रोमिओ-ज्युलिएटवरचा त्यांचा 'अर्शिनगर' मला शेवटपर्यंत बघवला नाही. महेश एलकुंचवारांच्या 'सोनाटा'वरचा २०१७चा चित्रपट आपल्या मराठी माणसाने कौतुकाने बघायला जावा आणि हिरमुसून परत यावं असा. मुंबईतल्या त्या तीन एकट्या बायका, स्वतः अपर्णा, शबाना आणि लिलेट दुबे, रंगमंचावरून उतरून घरात आल्यासारख्या कधी वाटतच नाहीत. एलकुंचवारांच्या संवादातली शांतता नाटकात जिवंत असते, कॅमेऱ्यासमोर ती नुसती थांबलेली वाटते. पण याच बाईने 'सोनाटा'च्या आधी 'गयनार बाक्शो' केलाय, ज्यात मौसमी चटर्जीने केलेली बालविधवा आत्याबाई मेल्यावर भूत होऊन दागिन्यांच्या पेटीवर पहारा देते आणि अख्ख्या घराला पळता भुई थोडी करते. आणि 'सोनाटा'नंतर २०२१ला 'द रेपिस्ट' केलाय, ज्याला बुसान महोत्सवात पुरस्कार मिळाला. एक चित्रपट पडला म्हणून पुढचा अडला नाही, तेव्हाच हे घडतं. पुरुष दिग्दर्शकांना पडण्याची मुभा आपण न मागता देतो. चार पडलेल्यांनंतर पाचवा मिळालेल्यांची नावं वाचकांनी आपापल्या आवडीने आठवावीत.

'मिस्टर अँड मिसेस अय्यर'कडे मी मुद्दाम शेवटी आले, कारण २००२चा हा चित्रपट सलग कामाचं फळ आहे असं मला वाटतं. 'पारमितार एक दिन' आणि याच्यामध्ये दोनच वर्षं गेली होती. बसमधून जाणारी तमिळ ब्राह्मण मीनाक्षी, मांडीवर लेकरू, शेजारी मदत करणारा सज्जन सहप्रवासी. तो मुसलमान आहे हे कळल्यावर तिला पहिली आठवण होते ती त्याच्या बाटलीतून आपण पाणी प्यालो याची. ती अंग चोरते. थोड्या वेळाने जमाव बसमध्ये शिरतो, नावं विचारू लागतो, म्हाताऱ्या मुस्लिम जोडप्याला खाली उतरवतात. तेव्हा हीच बाई बाळ त्याच्या मांडीवर टाकते आणि तो माझा नवरा, मिस्टर अय्यर, असं सांगते. भाषण नाही, हृदयपरिवर्तन नाही. विटाळ मनात तसाच असताना हात मात्र बरोबर काम करून गेला. मीनाक्षी झालेली कोंकणा सेन शर्मा ही अपर्णा सेन यांची लेक. तिलाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि आईला दिग्दर्शनाचा दुसऱ्यांदा.

आता ओटीटी आलंय, काळ बदललाय, हे शेवटचं उत्तर असतं. त्यासाठी कोंकणाचंच बघा. आई अपर्णा सेन, वडील मुकुल शर्मा, म्हणजे 'परमा'मधला तो छायाचित्रकार. अभिनयाचे राष्ट्रीय पुरस्कार स्वतःच्या नावावर. वडिलांच्या कथेवर तिने 'अ डेथ इन द गंज' दिग्दर्शित केला, २०१७ साली तो भारतात लागला, पदार्पणाचा फिल्मफेअर मिळाला. त्यानंतर दिग्दर्शक म्हणून तिचं नाव पडद्यावर दिसायला २०२३ उजाडलं, आणि तेही 'लस्ट स्टोरीज २' या चार दिग्दर्शकांच्या चित्रपटातल्या एका भागाला. ओळख होती, पुरस्कार होता, ओटीटीही होतं.

गोरेगावच्या चित्रनगरीतून चालणाऱ्या महाराष्ट्राच्या चित्रपट महामंडळाला दरसाल चार-पाच पटकथांपुरती रक्कम बाजूला काढणं अवघड नाही. दुसऱ्या किंवा तिसऱ्या चित्रपटासाठी अर्ज करणाऱ्या दिग्दर्शिकांना त्यात आधी जागा द्यावी, आणि अर्जातल्या 'पूर्वानुभव' या रकान्यात अभिनेत्री म्हणून केलेले चित्रपट सहायकाच्या कामाइतकेच धरावेत. त्यासाठी कायदा बदलावा लागत नाही. एक शासन निर्णय पुरतो.